ग्राफिक्स कार्डाची केबल: वॉट नव्हे, पिनमागे अँपिअर

मदरबोर्डवरचा पीसीआय एक्स्प्रेस स्लॉट कार्डाला जास्तीत जास्त ७५ वॉट देतो. त्यातही १२ व्होल्टचा वाटा साडेपाच अँपिअरचा, म्हणजे ६६ वॉटचा. उरलेली वीज ३.३ व्होल्टवरून येते. नेटवर्क कार्ड किंवा साउंड कार्ड एवढ्यात आरामात चालते. ग्राफिक्स कार्डाची भूक मोठी असते, म्हणून त्याला एसएमपीएसकडून, म्हणजे संगणकाच्या वीजपुरवठा संचाकडून, थेट केबल लागते. प्रमाणानुसार सहा पिनांच्या कनेक्टरवर ७५ वॉट, आठ पिनांच्या कनेक्टरवर १५० वॉट आणि नव्या सोळा पिनांच्या कनेक्टरवर ६०० वॉट घेता येतात.

हे आकडे दुकानदारालाही पाठ असतात. तरीही केबल वितळतात, कारण वॉट हे माप संपूर्ण कनेक्टरचे आहे आणि उष्णता निर्माण होते ती एकेका पिनेत. म्हणून केबल सुरक्षित आहे की नाही हे ठरवायचे तर एका पिनेतून किती अँपिअर जातात आणि ती पिन किती सोसू शकते, एवढेच आधी विचारावे.

धातूचे दोन पत्रे एकमेकांना टेकतात तिथे थोडा रोध असतोच. चांगल्या जोडात तो काही मिलिओहम असतो. उष्णता प्रवाहाच्या वर्गाच्या प्रमाणात वाढते, म्हणजे प्रवाह दुप्पट झाला की उष्णता चौपट. पाच मिलिओहमच्या जोडातून आठ अँपिअर गेले तर सुमारे एक तृतीयांश वॉट उष्णता होते; तेवढी तार आणि हवा सहज वाहून नेतात. त्याच जोडातून वीस अँपिअर गेले तर दोन वॉट, आणि तेही प्लास्टिकने चहूबाजूंनी कोंडलेल्या काही मिलिमीटरच्या जागेत. उष्णतेने पिनेची पकड सैल होते, पृष्ठभाग खराब होतो, रोध आणखी वाढतो.

‘एसएमपीएस चांगल्या कंपनीचा आहे, काही झाले तर ट्रिप होईल’ हा समज इथे कुचकामी ठरतो. घरात गीझरचा प्लग ढिला असला तर सॉकेट काळा पडतो, पण एमसीबी पडत नाही. कारण प्रवाह नेहमीइतकाच असतो, फक्त जोड तापत असतो. संगणकातही तेच. एसएमपीएस सहसा एकूण प्रवाहच पाहतो. तो मर्यादेत असेल, तर सहा तारांपैकी एकच होरपळते आहे हे त्याला कळायला मार्गच नसतो.

आता जुना आणि नवा कनेक्टर शेजारी ठेवून पाहू. आठ पिनांच्या कनेक्टरमध्ये १२ व्होल्टच्या पिना तीनच. १५० वॉट म्हणजे साडेबारा अँपिअर, पिनमागे सव्वाचार. या आकाराची चांगली पिन आठ अँपिअरच्या आसपास सोसते, म्हणजे राखीव ताकद जवळजवळ दुप्पट. म्हणूनच गेली अनेक वर्षे लोकांनी ही केबल कशीही वाकवली, अर्धवट खोचली, तरी ती सहसा निभावून गेली. सोळा पिनांचा कनेक्टर, ज्याला १२ व्हीएचपीडब्ल्यूआर म्हणतात, त्याच्या पिनांमधले अंतर ४.२ मिलिमीटरवरून ३ मिलिमीटरवर आले. ६०० वॉट म्हणजे ५० अँपिअर. १२ व्होल्टच्या सहा पिनांत वाटले तर पिनमागे ८.३. पिनेची क्षमता नऊ-साडेनऊ. राखीव ताकद जेमतेम दहा-पंधरा टक्के.

ही कसर अंगाशी येणारच होती. ऑक्टोबर २०२२ मध्ये आरटीएक्स ४०९० बाजारात आले आणि काही आठवड्यांतच वितळलेल्या कनेक्टरांचे फोटो येऊ लागले. कनेक्टर पूर्ण न बसल्याने हे घडते, असा एनव्हिडियाचा निष्कर्ष होता. तो चुकीचा नव्हता, पण अपुरा होता. अर्धा मिलिमीटर कमी बसले म्हणून जळणारा जोड घरी वापरण्याच्या लायकीचा मानायचा का, हा प्रश्न त्यात राहून गेला. पुढल्या वर्षी सुधारित १२व्ही-२x६ कनेक्टर आला. त्यात वीज वाहणाऱ्या पिना किंचित लांब आणि संकेताच्या चार पिना आखूड केल्या. कनेक्टर अपुरा बसला तर आखूड पिना टेकतच नाहीत आणि कार्ड वीज ओढत नाही. सुधारणा चांगली होती, पण तिने पिनमागे अँपिअर कमी केले नाहीत.

२०२५ च्या सुरुवातीला ५७५ वॉटचे आरटीएक्स ५०९० आले. ‘डेरबाउअर’ या नावाने ओळखल्या जाणाऱ्या रोमान हार्टुंग या जर्मन तज्ज्ञाने त्याच्या केबलची एकेक तार मोजली, तेव्हा एका तारेतून वीसहून अधिक अँपिअर जात असल्याचे आढळले. सहा तारा कार्डावर एकाच पट्टीला जोडलेल्या असतात. पाण्याप्रमाणे विजेलाही सोपी वाट सापडते: ज्या जोडाचा रोध कमी, त्यातून जास्त प्रवाह. मग चार पिना ढिल्या असतील तर त्यांच्या वाट्याचा भार उरलेल्या दोघींवर पडतो, आणि जळते ती नीट बसलेली पिन. आधीच्या आरटीएक्स ३०९० टीआय कार्डात सहा पिनांचे तीन गट करून प्रत्येक गटाचा प्रवाह स्वतंत्र मोजला जात असे; त्यानंतरच्या ४०९० मध्ये ही व्यवस्था राहिली नाही. माझ्या मते या सगळ्या प्रकरणातला खरा दोष इथे आहे, केबलमध्ये नाही. पण ग्राहकाला कार्डाचा आराखडा बदलता येत नाही, केबल निवडता येते.

जाडजूड वायरची केबल घेतली की काम झाले, असे नाही. साठ सेंटिमीटरच्या १८ गेज तारेचा रोध साडेबारा मिलिओहमच्या आसपास असतो, १६ गेजचा आठ. तार जाड केल्याने तार कमी तापते हे खरे. पण तारेचा रोध जितका कमी, तितकी प्रवाहाची वाटणी जोडांच्या लहरीवर जास्त अवलंबून राहते. सोळा पिनांसाठी १६ गेजच हवी, पण ती चांगल्या क्रिम्पिंगला (तार पिनेत दाबून घट्ट बसवण्याला) पर्याय नव्हे.

गेज ओळखायला वायरवरची बारीक छपाई वाचावी. ‘एडब्ल्यूएम १००७, १८ एडब्ल्यूजी, ८० अंश सेल्सिअस, ३०० व्होल्ट’ असा मजकूर सहसा दिसतो. १८ गेज म्हणजे इलेक्ट्रिशियनच्या भाषेत ०.८२ स्क्वेअर एमएम, १६ गेज म्हणजे १.३१. छपाईच नसेल तर केबल घेऊ नये. विणलेल्या रंगीत आवरणाखाली काय दडले आहे हे दिसत नाही, म्हणून नुसत्या देखण्या केबलबद्दल मला संशय वाटतो. स्वस्त केबलमध्ये तांब्याचा मुलामा दिलेले ॲल्युमिनियम असते. त्याच जाडीत त्याचा रोध तांब्याच्या दीडपट. चुंबकाने हा भेद कळत नाही, कारण दोन्ही चुंबकाला चिकटत नाहीत. तार कापून टोक पाहावे: आत रुपेरी असेल तर ॲल्युमिनियम. (बाहेरून रुपेरी आणि आत तांबूस असेल तर ते कल्हई केलेले तांबे, त्याला दोष नाही.)

८० अंशांची ती मर्यादा आपल्याकडे विशेष लक्षात ठेवावी. पिनांची क्षमता सांगताना तापमान भोवतालच्या हवेपेक्षा ३० अंशांनी वाढेल असे धरलेले असते. नागपूर-चंद्रपूरकडे मे महिन्यात खोलीतच ४० अंश असले, कॅबिनेटच्या आत आणखी दहा वाढले, की पूर्ण क्षमतेने चालणारी पिन ८० ला टेकली. युरोपातल्या थंड खोलीत तपासलेली केबल तिथे त्याच भरवशाने चालेल असे धरू नये.

खरी फसवणूक अडॅप्टरमध्ये असते. कनेक्टरमधल्या काही पिना वीज वाहण्यासाठी नसून कार्डाला ‘मागे एवढी ताकद आहे’ असे सांगण्यासाठी असतात. आठ पिनांच्या कनेक्टरमधल्या दोन जादा पिना अशाच. सोळा पिनांमध्ये दोन संकेत-पिना जमिनीला (ग्राउंडला) जोडल्या की कार्ड ६०० वॉटची मुभा समजते. सहाचे आठ करणारा अडॅप्टर त्या जादा पिना नुसत्या जमिनीला टेकवतो. मागे काहीही असो, कार्ड विश्वास ठेवते. स्वस्त सोळा-पिनी अडॅप्टरही मागे दोनच केबल असताना ६०० ची ग्वाही देऊ शकतो. अडॅप्टरने एक जोड वाढतो तो वेगळाच. फेब्रुवारी २०२४ मध्ये अमेरिकेच्या ग्राहक उत्पादन सुरक्षा आयोगाने केबलमॉडचे काटकोनी अडॅप्टर, सुमारे पंचवीस हजार नग, परत मागवल्याचे जाहीर केले. कारण ढिले होणे, तापणे आणि वितळणे.

सर्वांत वाईट म्हणजे हार्ड डिस्कला वीज देणाऱ्या साटा कनेक्टरमधून सहा पिन काढणारा अडॅप्टर. साटाच्या १२ व्होल्टच्या तीन पिना, प्रत्येकी दीड अँपिअर, एकूण साडेचार. सहा पिनांवर ७५ वॉट म्हणजे सव्वासहा अँपिअर. हिशेब कागदावरच बसत नाही. क्रिप्टो मायनिंगच्या काळात रायझर कार्डांना, म्हणजे ग्राफिक्स कार्ड मदरबोर्डपासून दूर जोडणाऱ्या स्लॉटच्या पट्ट्यांना, अशाच केबल लावल्या जात. रायझरवरच्या स्लॉटचे साडेपाच अँपिअरही साटाच्या मर्यादेबाहेरचे. त्या काळातल्या रायझरसह मिळणारे जुने सामान आजही विकले जाते, तेव्हा ही केबल बाजूला ठेवावी. साटाचा कनेक्टर ओतीव प्लास्टिकचा असेल तर आणखी सांभाळून. आतली तार सरकून शॉर्ट होण्याचा धोका त्यात असतो.

एसएमपीएसमधून निघणाऱ्या एकाच केबलला दोन आठ-पिनी टोके असतात तिथेही हिशेब करावा. दोन्हींवर १५० घेतले तर मागच्या तीन तारांतून ३०० वॉट, पिनमागे आठहून जास्त अँपिअर. २०० वॉटच्या कार्डाला ती चालेल. त्यापुढे दोन स्वतंत्र केबल लावाव्यात. एसएमपीएसमध्ये त्यासाठी जागा नसेल, तर तो एसएमपीएसच त्या कार्डासाठी नाही.

मॉड्युलर एसएमपीएसच्या बाबतीत अँपिअरच्याही आधीचा एक धोका आहे. कार्डाकडचे टोक प्रमाणित असते, एसएमपीएसकडच्या टोकाला प्रमाण नाही. एका कंपनीची केबल दुसऱ्याच्या, कधी त्याच कंपनीच्या दुसऱ्या मॉडेलच्याही, सॉकेटमध्ये छान बसते आणि १२ व्होल्ट भलत्याच पिनेवर पाठवते. जुन्या संगणकाच्या केबल ‘असू देत, उपयोगी पडतील’ म्हणून जपून ठेवण्याची आपली सवय इथे महागात पडते. केबल कोणत्या मॉडेलची हे खात्रीने माहीत नसेल तर मल्टिमीटरने प्रत्येक पिन तपासल्याशिवाय कार्डाला लावू नये. घरी एआयचे प्रयोग करण्यासाठी जुनी टेस्ला पी४० सारखी सर्व्हर कार्डे घेणाऱ्यांनी आणखी एक पाहावे: त्यांचा आठ-पिनी सॉकेट प्रोसेसरच्या ईपीएस पद्धतीचा असतो. त्यात १२ व्होल्ट आणि जमीन यांच्या बाजू ग्राफिक्सच्या केबलच्या उलट्या असतात, त्यामुळे जोर लावून खोचणे म्हणजे कार्ड गमावणे.

नवी केबल लावल्यावर कनेक्टर ‘टक’ आवाजासह पूर्ण बसवावा, टोकापासून साडेतीन सेंटिमीटरपर्यंत वाकवू नये, आणि उगाच काढ-घाल करू नये. हे कनेक्टर तीसेक वेळा काढ-घाल करण्यासाठीच बनवलेले असतात. ४०० वॉटवरच्या कार्डासाठी डीसी क्लॅम्प मीटर मिळवून, कार्डावर भार असताना सहाही तारा एकेक करून मोजाव्यात. इलेक्ट्रिशियनकडचा साधा क्लॅम्प मीटर फक्त एसी मोजतो, तो इथे शून्यच दाखवेल. एखादी तार इतरांच्या दीडपट प्रवाह नेत असेल तर संगणक बंद करून कनेक्टर पुन्हा बसवावा. तरीही फरक राहिला तर ती केबल बाद करावी.