पुकारा आणि पेरणी

उणकल येथील चंद्रमौळेश्वराचे देवालय चालुक्यकालीन होय. त्याच चालुक्यांच्या आश्रयाने, सहाव्या विक्रमादित्याच्या कारकीर्दीत (१०७६–११२६), कल्याण नगरीत विज्ञानेश्वराने याज्ञवल्क्यस्मृतीवर ‘मिताक्षरा’ रचली. देवालयातील शिल्प पाहणारे पुष्कळ. त्या काळच्या न्यायविचाराकडे वळणारे विरळा. त्यातील एकच प्रश्न आम्ही येथे घेतो : पुकारा झाला आणि पक्षकार आलाच नाही, तर काय करावे?

नारदाने वादात ‘हीन’ ठरणारे पाच सांगितले आहेत : बोलणे फिरविणारा, पुराव्याचा द्वेष करणारा, हजर न राहणारा, निरुत्तर होणारा आणि बोलावताच पळ काढणारा. न येणारा व पळणारा हे दोन निराळे मोजले, हे ध्यानात ठेवण्याजोगे आहे. याहूनही मोलाची वाटते ती नारदाची दुसरी यादी. रोगी, विवाहास निघालेला, संकटात सापडलेला, गुरे चारणारा गोपाळ, पेरणीत गुंतलेला शेतकरी, हातचे काम चालू असलेला कारागीर, युद्धावरील शिपाई यांना अडवू नये व राजाने बोलावूही नये, असे तो सांगतो. म्हणजे अनुपस्थितीचे कारण आधी पाहावयाचे, दोष मागाहून. (शाळेच्या हजेरीपटात ‘गै’ लिहिणाऱ्या आम्हां मास्तरांनाही हा क्रम साधत नाही!)

पेशवाईत पक्षकारांकडून हजीरजामीन घेण्याची चाल होती. मनुष्य न येण्याची भीती तेथे जामिनावर सोपविलेली असे.

१९०८ च्या दिवाणी प्रक्रिया संहितेने मात्र नववा आदेश घालून दिला. उभय पक्ष गैरहजर राहिल्यास दावा काढून टाकता येतो, पण मुदतीत नवा दावा लावता येतो. प्रतिवादी हजर, त्याला मागणी अमान्य आणि वादीच नाही, असे झाले तर दावा जातो व त्याच कारणावर पुन्हा दावा लावण्याची वाट बंद होते. उरतो तो एकच मार्ग : ‘पुरेसे कारण’ दाखवून दावा पुन्हा नोंदीवर घ्यावा असा अर्ज. त्यास १९६३ च्या मुदत कायद्याने ३० दिवस दिले आहेत. प्रतिवादीस वर्षानुवर्षे खोळंबत ठेवू नये, हा यामागील हेतू आम्हांस मान्य आहे. परंतु नारदाचा पेरणीतला शेतकरी येथे नावाने उरला नाही. दावा गेल्यानंतर त्याने त्या दोन शब्दांत आपली जागा शोधावयाची.

वकीलच न आल्याने अपील गेलेल्या एका ग्रामीण पक्षकारास सर्वोच्च न्यायालयाने १९८१ साली, रफीक विरुद्ध मुन्शीलाल या खटल्यात, दिलासा दिला. सारा भार वकिलावर सोपवून घरी बसलेल्यास शिक्षा नको, असा त्याचा आशय होता.

उणकलच्या पक्षकारास अंतराचाही जाच होता. १९५६ पर्यंत त्याचे उच्च न्यायालय मुंबईस होते. पुढे ते बंगळूरास, सुमारे ४०० किलोमीटरवर गेले. २००८ साली धारवाडास फिरते पीठ आले आणि २०१३ साली ते कायम झाले, तेव्हा कोठे वरच्या न्यायालयातील तारखेस सकाळी निघून दिवे लागण्यापूर्वी परतणे त्यास शक्य झाले.