‘तुकारामा’तली गौरी

गौरी : ‘प्रभात’ फिल्म कंपनीच्या ‘संत तुकाराम’मध्ये (१९३६) तुकारामांची बायको जिजाई, म्हणजे आवली, हिचे काम करणारी नटी. दिग्दर्शन विष्णुपंत दामले व फत्तेलाल यांचे. तुकाराम झाले होते विष्णुपंत पागनीस. ‘प्रभात’ १९२९ साली कोल्हापुरात निघाली आणि १९३३ मध्ये पुण्याला आली. गौरी पेशाने नटी नव्हती. कंपनीत ती ‘एक्स्ट्रा’ म्हणून, म्हणजे घोळक्यात उभी राहायला आली आणि हळूहळू मोठ्या कामांपर्यंत पोचली. बोलपटाच्या त्या पहिल्या वर्षांत उच्चार स्वच्छ हवेत, गाता यायला हवे, म्हणून नाटकातली मंडळी पुढे असत. गौरीची ताकद मात्र रोजच्या बोलण्यातल्या ठसक्यात होती. आजारी पोराला घेऊन ती देवळात शिरते आणि पांडुरंगावरच पायताण उगारते, तेव्हा नवऱ्याच्या भक्तीचा खर्च घरात कोण सोसते, हे प्रेक्षकाला वेगळे सांगावे लागत नाही. चित्रपट मुंबईत वर्षाहून अधिक काळ चालला. १९३७ मध्ये व्हेनिसच्या महोत्सवातही त्याचा गौरव झाला.

कोरेगावच्या वाचकाला जवळचे वाटेल ते ‘संत सखू’मधले (१९४१) तिचे काम. सखूची कथा आपल्याच सातारा जिल्ह्यातल्या कऱ्हाडची. त्यात सखू हंसा वाडकर, तर तिला छळणारी सासू गौरी. नायिकेचे नाव पाटीवर मोठे. पण सासूचा जाच खरा वाटला नाही, तर सखूची पंढरीची ओढ तरी कशी पटावी? — संपा.