मारेकरी, फ्रेंच चित्रपटातील

फ्रेंच गुन्हेगारी चित्रपटांत रूढ झालेली एक व्यक्तिरेखा. मोबदला घेऊन खून करणारा, कुटुंब वा टोळी यांपासून अलिप्त, परंतु स्वतःच घालून घेतलेले नियम कसोशीने पाळणारा पुरुष, असे तिचे स्वरूप आहे. झाँ-प्येर मेल्व्हील (१९१७–७३) ह्या दिग्दर्शकाच्या ल सामुराई (१९६७) ह्या चित्रपटाने तिला निश्चित रूप दिले.

दुसऱ्या महायुद्धानंतर अमेरिकन गुन्हेगारी कथा व चित्रपट फ्रान्समध्ये लोकप्रिय झाले. गालीमार ह्या प्रकाशनसंस्थेने १९४५ मध्ये ‘सेरी न्वार’ ही कादंबरीमाला सुरू केली. झाक बेकेरचा तुशे पा ओ ग्रिझ्बी (१९५४) व ज्यूल्स डासिनचा रिफिफी (१९५५) ह्या चित्रपटांत गुन्हेगारांची परस्परनिष्ठा आणि विश्वासघात हे विषय प्रधान होते. तेथील नियम टोळीचे होते. ल सामुराईमध्ये ते एकट्या माणसाचे झाले.

ह्या चित्रपटाचा नायक जेफ कॉस्टेलो (आलँ दलाँ) एका ओक्याबोक्या खोलीत, पिंजऱ्यातील पक्ष्याच्या सोबतीने राहतो. बाहेर पडताना तो आरशासमोर टोपीची कड नीट करतो आणि खुनाच्या वेळी आपण अन्यत्र होतो, असा पुरावा आधीच रचून ठेवतो. आरंभीची सुमारे १० मिनिटे संवादाविना जातात. प्रारंभी दिलेले, सामुराईच्या एकांताविषयीचे वचन ‘बुशिदो’तील म्हणून दाखविले असले, तरी ते मेल्व्हीलनेच रचलेले होते. जपानी सामुराईची आचारसंहिता स्वामिनिष्ठेवर आधारलेली होती. जेफला स्वामी नाही आणि त्याला काम देणारेच त्याच्यावर उलटतात.

जेफचे नियम खून कसा करावा हे सांगतात. तो करावा की नाही, ह्याविषयी ते मौन पाळतात. मेल्व्हील स्वतः फ्रेंच प्रतिकार चळवळीत होता. त्या चळवळीवरील त्याच्या लार्मे देझोंब्र (१९६९) ह्या चित्रपटातही अशीच गुप्तता व अबोल शिस्त आढळते. तथापि तेथे तिच्यामागे एक ध्येय आहे. जेफपाशी केवळ शिस्त आहे. अखेरीस, आपल्याला ओळखूनही पोलिसांना न सांगणाऱ्या पियानोवादिकेला मारण्याचे काम तो पत्करतो, रिकामे पिस्तूल तिच्यावर रोखतो आणि पोलिसांच्या गोळ्यांना बळी पडतो. घेतलेले काम आणि मनातील दया ह्यांचा मेळ त्याला मृत्यूखेरीज अन्य मार्गाने घालता येत नाही.

ल्यूक बेसाँच्या लेआँ (१९९४) ह्या चित्रपटातील मारेकरी स्त्रिया व मुले ह्यांना मारत नाही. तेथे नियमांना काहीसा नैतिक आशय लाभतो. फ्रान्सबाहेर जॉन वू (द किलर, १९८९) व जिम जार्मुश (गोस्ट डॉग, १९९९) ह्यांच्या चित्रपटांतही मेल्व्हीलचा प्रभाव स्पष्टपणे दिसतो.