पळून जाणे आणि मांडव : नंदुरबारच्या आदिवासी समाजातील लग्नाच्या दोन वाटा

मुलामुलीने आपल्या पसंतीने पळून जाऊन एकत्र राहायचे आणि मागाहून दोन्हीकडच्या पंचांनी ते नाते मान्य करायचे, ही नंदुरबार जिल्ह्यातील आदिवासी समाजातील लग्नाची जुनी रीत आहे. मांडव घालून, गावजेवण देऊन लावलेले लग्न ही दुसरी रीत. या दोन रीती परस्परविरोधी नाहीत. पळून गेलेल्या जोडप्याचे लग्न पुढे मांडवातही लागते, कधी काही दिवसांनी तर कधी मुले झाल्यावर. कोणती वाट धरायची हे देज (वधूमूल्य), घरची ऐपत, दोन्ही कुळांचे संबंध आणि मुलीची पसंती यांवर ठरत आले आहे.

प्रदेश आणि समाज

1 जुलै 1998 रोजी धुळे जिल्ह्याचे विभाजन होऊन नंदुरबार जिल्हा निर्माण झाला. नंदुरबार, नवापूर, शहादा, तळोदा, अक्कलकुवा आणि अक्राणी हे त्याचे सहा तालुके. 2011 च्या जनगणनेनुसार जिल्ह्याची लोकसंख्या 16,48,295 होती आणि तिच्यातील सुमारे 69 टक्के लोक अनुसूचित जमातींचे होते. भिल्ल, पावरा, मावची आणि कोकणी हे येथील मोठे समाज. अक्राणी आणि अक्कलकुव्याच्या सातपुडा डोंगरांत पावरा, वसावे, तडवी, पाडवी, वळवी ही आडनावे गावोगाव भेटतात.

डोंगरातील वस्ती विखुरलेली असते. एका पाड्यावरची घरे शेतांमध्ये दूरदूर पसरलेली असतात आणि एका पाड्यावर बहुधा एकाच कुळाची माणसे राहतात. एका कुळात लग्न होत नसल्याने सोयरीक बाहेरच्या गावी शोधावी लागते. त्यामुळे मुलामुलींची गाठ पडण्याची ठिकाणे म्हणजे आठवडे बाजार, होळी, नातलगांची लग्ने आणि मजुरीची कामे.

देज आणि मोठे लग्न

या समाजांत वधूपक्षाने हुंडा देण्याची परंपरा नव्हती. वराकडून वधूच्या घरी देज दिले जाते. मुलगी शेतात, जंगलात आणि घरात बरोबरीने राबते; ती सासरी गेली की माहेरचे दोन हात कमी होतात. देजाचा अर्थ या श्रमाशी जोडलेला आहे. ते रोख पैशांत असते, शिवाय चांदीचे दागिने, धान्य, बोकड आणि मोहाची दारू हेही ठरते. रक्कम दोन्ही बाजूंचे जाणते लोक बसून ठरवतात आणि ती अनेकदा हप्त्याहप्त्याने फेडली जाते.

मांडवातल्या लग्नाचा भार देजावर थांबत नाही. भावकी आणि सोयरे यांना जेवण द्यावे लागते, ढोल वाजवणाऱ्यांची सोय करावी लागते, कपडे आणि चांदी घ्यावी लागते. हा भार भावकी वाटून घेते; कोणी धान्य आणतो, कोणी बोकड, कोणी रोख मदत करतो आणि ती मदत पुढे परत करायची असते. होळी झाली, शेतीची कामे संपली, हाती थोडा पैसा आला की लग्नांचे दिवस सुरू होतात आणि पावसाळ्याच्या तोंडाशी संपतात. ज्या वर्षी पीक बुडाले त्या वर्षी मांडवही लांबतात.

देज देण्याची ऐपत नसलेल्या मुलासाठी घरजावई होण्याची वाट होती. त्याने ठरलेली काही वर्षे सासऱ्याच्या घरी राबायचे आणि त्या श्रमातून देज फेडायचे. दुसरी वाट पळून जाण्याची.

पळून जाण्याची रीत

मराठीत पळून जाणे आणि पळवून नेणे हे दोन वेगळे शब्द आहेत आणि या रीतीतही तो भेद मूलभूत आहे. पळून जाण्यात मुलगी स्वतःच्या इच्छेने घर सोडते. ती थेट मुलाच्या घरी येते, किंवा दोघे परगावच्या एखाद्या नातलगाकडे काही दिवस राहतात. मुलाच्या घरच्यांनी तिला घरात घेतले की नात्याची पहिली पायरी पूर्ण होते.

मुलीच्या घरी बातमी पोहोचल्यावर तिचे वडील आणि भावकी मुलाच्या गावी येतात. राग खरा असतो, कधी भांडणही होते. मग दोन्ही गावांचे पंच बसतात. पहिला प्रश्न कुळाचा असतो. दोघे एकाच कुळाचे निघाले तर नाते मान्य होत नाही. दुसरा प्रश्न मुलीला विचारला जातो : ती आपल्या मनाने आली का, आणि तिला येथे राहायचे आहे का? तिने नाही म्हटले तर बापाने तिला परत न्यावे, हेच या बैठकीचे न्याय्य फलित. ती हो म्हणाली की बोलणे देजावर येते. न विचारता मुलगी नेल्याबद्दल दंड ठरतो, देजाची रक्कम आणि मुदत ठरते, बोकड कापून एकत्र जेवण होते आणि दोन्ही घरे सोयरी होतात.

मुलगी आधीच दुसऱ्याला दिलेली किंवा विवाहित असेल तर पहिल्या घराने दिलेले देज परत करावे लागते. पश्चिम भारतातील भिल्ल समाजात या भरपाईला झगडा म्हणतात. तो नव्या नवऱ्याने चुकवायचा असतो. नको असलेले लग्न सोडून दुसरे घर करण्याची मुभा यामुळे बाईला मिळाली. मात्र ही रक्कम मोठी असली की तीच मुभा आवळली जाते, कारण नव्या नवऱ्याला ती झेपली नाही आणि परत देण्याइतका पैसा माहेरीही नसेल तर माहेरचे लोकच तिला सासरी परत पाठवतात.

या सर्व व्यवहारात खर्च नाहीसा होत नाही, तो पुढे ढकलला जातो. नाते आधी, देज हळूहळू आणि मांडव जमेल तेव्हा, असा क्रम लागतो. इतर आदिवासी भागांतही अशी उदाहरणे आहेत. पालघरच्या वारली समाजात लग्नाविना संसार थाटून पुढे मुलांबाळांसह लग्न लावल्याची उदाहरणे आढळतात. झारखंडमध्ये अशा जोडप्यांना ढुकू म्हणतात.

भोंगऱ्या बाजार आणि गैरसमज

होळीआधीच्या आठवड्यात भरणाऱ्या बाजाराला सातपुड्यात भोंगऱ्या म्हणतात. अक्राणी तालुक्यातील धडगावचा भोंगऱ्या मोठा असतो. सीमेपलीकडे मध्य प्रदेशातील बडवानी, अलिराजपूर, झाबुआ भागात हाच बाजार भगोरिया म्हणून ओळखला जातो. या बाजारात तरुण मुले मुलींना पळवून नेतात आणि लग्ने जुळतात, असे वर्णन बाहेरच्या लेखनात वर्षानुवर्षे होत आले आहे.

आदिवासी संघटनांनी या वर्णनाला सातत्याने आक्षेप घेतला आहे. भोंगऱ्या हा मुळात होळीच्या खरेदीचा बाजार आहे. होळीच्या पूजेसाठी दाळ्या, गूळ आणि साखरेचे हार, नाचासाठी घुंगरू, घरासाठी कपडे घ्यायला डोंगरातली माणसे ढोल वाजवत उतरतात. दूरच्या गावांतली मुलेमुली येथे एकमेकांना पाहतात, ओळखी होतात, काही जोडपी पुढे पळूनही जातात. पण त्यामुळे बाजार लग्नाचा ठरत नाही. होळीच्या दिवसांत तर संयमाला मोठा मान आहे. अक्कलकुवा तालुक्यातील काठी येथील प्रसिद्ध होळीत नवस फेडणारे पुरुष कमरेला घुंगरू आणि डोक्यावर मोरपिसांचा टोप घालून नाचतात. त्याआधी काही दिवस ते पाळणी पाळतात : खाटेवर झोपत नाहीत आणि स्त्रीस्पर्श टाळतात.

शास्त्र, दंडसंहिता आणि कर्ज

धर्मशास्त्राने विवाहाचे आठ प्रकार सांगितले. परस्परांच्या इच्छेने जुळलेला तो गांधर्व, वधूसाठी धन देऊन केलेला तो आसुर आणि बळाने मुलगी नेऊन केलेला तो राक्षस. सातपुड्याची रीत यांपैकी एका चौकटीत बसत नाही. तिची सुरुवात गांधर्वासारखी होते आणि शेवट धन देण्याने होतो. मात्र ते धन समाजासमोर आणि मुलीच्या होकारानंतर दिले जाते.

1818 मध्ये हा भाग ज्या खानदेशात होता तो इंग्रजांच्या ताब्यात गेला. 1860 च्या भारतीय दंडसंहितेने या रीतीसमोर नवा प्रश्न उभा केला. सोळा वर्षांखालील मुलीला पालकांच्या ताब्यातून नेणे हा गुन्हा ठरला; 1949 मध्ये ही मर्यादा अठरा वर्षे झाली. विवाहित स्त्रीला फूस लावून नेणे हाही गुन्हा होता. पंचांसमोर दंड आणि देज देऊन मिटणारी बाब आता ठाण्यातही नेता येऊ लागली. पुढे देजावर एकमत झाले नाही की पोलिसांची भीती दाखवणे हा वाटाघाटीचा भाग बनला.

पैशाचा वापर वाढला तसे मोठ्या लग्नाचे ओझेही वाढले. देज आणि जेवणासाठी सावकाराकडून उचललेला पैसा फेडायला सपाटीवर सालदारकी करावी लागे. वेठबिगारी 1976 च्या कायद्याने संपुष्टात आली, पण आगाऊ उचल घेऊन कामाला जाण्याची पद्धत राहिली. दिवाळीनंतर कोयता घेऊन गुजरातच्या ऊसपट्ट्यात जाणाऱ्या जोडप्यांच्या उचलीत लग्नाचा खर्च मोठा वाटा घेतो.

या खर्चाचा भाग असलेल्या दारूविरुद्धचा आवाज समाजातूनही उठला. 1922 मध्ये दक्षिण गुजरात आणि लगतच्या पश्चिम खानदेशात पसरलेल्या देवी चळवळीने दारू सोडण्याचा आदेश दिला. 1930 च्या दशकात तळोदा तालुक्यातील मोरवडच्या गुलाम महाराजांनी आप धर्माची शिकवण देऊन व्यसनमुक्तीचा आग्रह धरला. शहाद्याच्या परिसरात 1970 च्या दशकात अंबरसिंग महाराजांच्या काळातील भूमी आणि मजुरीच्या चळवळीत आदिवासी स्त्रियांनी दारूची भांडी फोडली. लग्नाच्या बैठकीत दारू वाहते तेव्हा तिचा त्रास पुढे बाईच सोसते, हे त्या स्त्रियांना ठाऊक होते.

आजचा कायदा

1955 चा हिंदू विवाह कायदा केंद्राने तशी अधिसूचना काढल्याशिवाय अनुसूचित जमातींना लागू होत नाही; त्यांचे विवाह रूढीप्रमाणे मान्य होतात. मात्र 2001 मध्ये सूरजमणी स्टेला कुजूर प्रकरणात सर्वोच्च न्यायालयाने स्पष्ट केले की रूढीचा आधार घेणाऱ्याने ती रूढी सिद्ध करायला हवी. 1996 च्या पेसा कायद्याने ग्रामसभेला रूढी जपण्याचा आणि पारंपरिक पद्धतीने तंटे मिटवण्याचा अधिकार दिला.

या रीतीला वयाची मर्यादा आज काटेकोर आहे. 2006 च्या बालविवाह प्रतिबंधक कायद्यानुसार मुलीचे वय अठरा आणि मुलाचे एकवीस पूर्ण असावे लागते. 2012 च्या पॉक्सो कायद्यानुसार अठरा वर्षांखालील मुलीची संमती ग्राह्य धरली जात नाही. पळून गेलेल्या अल्पवयीन जोडप्यातील मुलगा त्यामुळे गंभीर गुन्ह्यात अडकतो, आणि कमी वयातील बाळंतपणाचा धोका मुलीच्या जिवावर येतो. प्रौढांच्या बाबतीत कायदा त्यांच्या बाजूने आहे. 2006 च्या लता सिंह प्रकरणात आणि 2018 च्या शक्ती वाहिनी प्रकरणात सर्वोच्च न्यायालयाने स्वतःच्या पसंतीने लग्न करण्याचा प्रौढांचा हक्क उचलून धरला. महाराष्ट्राच्या सामाजिक बहिष्कार प्रतिबंधक कायद्यामुळे कोणत्याही पंचायतीला अशा जोडप्याला वाळीत टाकता येत नाही.

पंचांसमोर मान्य झालेल्या लग्नाची लेखी नोंद बहुधा नसते. वारसा किंवा पोटगीचा प्रश्न आला की ही उणीव स्त्रीला भोवते. ग्रामपंचायतीत विवाहनोंदणी केल्याने ती भरून निघते. सामूहिक विवाहसोहळ्यांमुळे मांडवाचा खर्चही अनेक घरांत विभागला जातो.

सातपुड्यात या निवडीचा इतिहास तीन गोष्टींभोवती फिरतो : खर्च कोणी आणि केव्हा सोसायचा, दोन कुळांचा मान कसा राखायचा आणि मुलीचा होकार कोणी ऐकायचा. डीजे, गाड्या आणि आहेर यांनी मांडव महाग केल्यावर पहिला प्रश्न अधिक बिकट झाला आहे, तर शिक्षण आणि मोबाइलमुळे मुलामुलींच्या ओळखी बाजारापुरत्या राहिलेल्या नाहीत. पंचांच्या बैठकीत मुलीला विचारला जाणारा प्रश्न हा या रीतीचा सर्वांत मोलाचा भाग आहे. वय पूर्ण झालेले असणे आणि तो होकार मोकळा असणे या दोन अटी पाळल्या गेल्या, तर दोन्ही वाटांनी गेलेले लग्न समाजात आणि कायद्यात सारख्याच मानाने उभे राहते.