शेवटचा गडी

कबड्डीच्या मैदानावर एकामागून एक गडी बाद होत जातात आणि अखेर एकच उरतो, तेव्हा नांदेड-लातूरकडील प्रेक्षकांचा आवाज एकदम पालटतो. एवढा वेळ आरडाओरडा करणारी मंडळी श्वास रोखून पाहू लागतात. तो एकटा गडी बाद झाला, की सबंध संघावर लोण चढणार, हे शेंबड्या पोरालाही ठाऊक असते. कबड्डीत हा प्रसंग कधीमधी येतो. फुटबॉलमध्ये मात्र एक गडी असा आहे, की जो शिट्टी वाजल्यापासून खेळ संपेपर्यंत शेवटचाच असतो. त्याच्यापुढे दहा सोबती असतात. मागे असते ती केवळ जाळी. त्यालाच गोलरक्षक म्हणतात.

आमच्या भागात कुस्तीचे फड गाजले, खो-खोची मैदाने गाजली. हरिश्चंद्र बिराजदारांचे नाव काढले, की निलंगा तालुक्यातल्या म्हाताऱ्यांची छाती आजही फुगते. नांदेडला गुरु गोबिंदसिंगजींच्या नावाने हॉकीचे सामने भरतात, तेव्हा पायांना जाडजूड पॅड बांधलेला गोलरक्षक पाहायला मिळतो. फुटबॉल मात्र आमच्याकडे बेताचाच. तरीही ह्या खेळाच्या इतिहासातला एक योगायोग असा आहे, की तो मराठवाड्याच्या माणसाने सांगावा आणि मराठवाड्याच्याच माणसाने ऐकावा.

१ नोव्हेंबर १९५६ रोजी हैदराबाद राज्य मोडले आणि नांदेड, उस्मानाबाद, बीड, परभणी, औरंगाबाद हे मराठी जिल्हे मुंबई राज्यात आले. लातूर तेव्हा उस्मानाबाद जिल्ह्यातले गाव होते. त्याचा स्वतंत्र जिल्हा झाला तो १५ ऑगस्ट १९८२ रोजी. पिढ्यानपिढ्या ज्यांच्या कोर्टकचेरीची वाट हैदराबादला जात होती, त्यांची राजधानी एका रात्रीत मुंबई झाली. ह्या घटनेला बरोबर एक महिना होतो न होतो, तोच १ डिसेंबरला मेलबर्नच्या ऑलिंपिकमध्ये भारताने यजमान ऑस्ट्रेलियाला चार विरुद्ध दोन गोलांनी हरवले आणि उपांत्य फेरी गाठली. मुंबईच्या नेव्हिल डिसूझाने त्या दिवशी तीन गोल केले. त्याचे नाव त्यामुळे अजून घेतले जाते. परंतु त्या संघात दोन गोलरक्षक होते, त्यांची नावे किती जणांना सांगता येतील? एक होते पीटर थंगराज, जन्माने हैदराबादचे. दुसरे एस. एस. नारायण, मुंबईच्या माटुंग्याचे. म्हणजे आमची जुनी राजधानी आणि आमची नवी राजधानी, दोघींनी आपापला एक शेवटचा गडी त्या संघात धाडला होता!

थंगराजांची उंची सव्वासहा फुटांची. सिकंदराबादच्या मॉर्निंग स्टार क्लबातून ते पुढे आले, लष्करात गेले आणि मद्रास रेजिमेंटल सेंटरच्या संघाकडून खेळू लागले. प्रारंभी ते आघाडीचे खेळाडू होते, गोल करणारे. पुढे ते गोल अडवू लागले. त्या काळी हैदराबाद हे फुटबॉलचे माहेरघरच होते. हैदराबाद सिटी पोलिसांच्या संघाने १९५० ते १९५४ अशी सलग पाच वर्षे मुंबईच्या कूपरेज मैदानावर येऊन रोव्हर्स चषक उचलून नेला होता. ह्या संघाचे गुरू सय्यद अब्दुल रहीम हे मूळचे शाळामास्तर. भारतीय संघाचे शिक्षकही तेच. १९६२ साली जकार्ता येथे आशियाई स्पर्धेच्या अंतिम सामन्यात दक्षिण कोरियाशी गाठ पडली, तेव्हा रहीमसाहेबांनी गोलात उभे केले ते थंगराजांनाच. भारताने दोन विरुद्ध एक असा सामना जिंकला आणि सुवर्णपदक मिळवले. गोल करणारे प्रदीपकुमार बॅनर्जी आणि जर्नेलसिंग ह्यांच्या नावाचा जयघोष झाला, तो योग्यच झाला. पण गोल एकच खाल्ला गेला, दुसरा खाल्ला गेला नाही, ह्याचा जमाखर्च कोणी मांडला?

नारायण ह्यांचे मूळ गाव केरळातील ओट्टपालम, परंतु आयुष्य गेले ते मुंबईत. १९५६चे मेलबर्न आणि १९६०चे रोम अशी दोन ऑलिंपिके त्यांच्या पदरी होती. १९६३-६४ साली महाराष्ट्राने संतोष चषक जिंकला, तेव्हा महाराष्ट्राच्या संघात ते होते. बास्केटबॉलही ते उत्तम खेळत. चेंडू हातात पकडण्याची ही दुहेरी तालीम त्यांना गोलात निश्चित उपयोगी पडली असणार. ऑगस्ट २०२१ मध्ये ठाण्यात वयाच्या ८६व्या वर्षी त्यांचे निधन झाले. थंगराज त्याआधीच, २००८ साली, बोकारोला निवर्तले होते.

गोलरक्षकाचे काम किती अवघड, ह्याचा हिशेब आकड्यांनी मांडून पाहावा. गोलाची चौकट आठ यार्ड रुंद आणि आठ फूट उंच, म्हणजे चोवीस फूट गुणिले आठ फूट. एकूण एकशे ब्याण्णव चौरस फूट. आमच्याकडील लहानशा घराच्या बैठकीएवढी ही जागा एका माणसाने राखायची. पेनल्टीचा चेंडू बारा यार्डांवर, म्हणजे छत्तीस फुटांवर ठेवलेला असतो. तासाला साठ मैलांच्या वेगाने तो सुटला, तर चौकटीपर्यंत यायला त्याला अर्धा सेकंददेखील लागत नाही. डोळ्याने पाहावे, मनाने ठरवावे आणि अंग झोकून द्यावे, एवढा अवधीच मिळत नाही. म्हणून गोलरक्षक चेंडूकडे पाहत नाहीसे वाटते. तो मारणाऱ्याच्या खांद्याकडे, कमरेकडे, टेकलेल्या पायाकडे पाहत असतो. चेंडू निघण्यापूर्वीच त्याला तो कोठे जाणार हे ओळखावे लागते. गावच्या जत्रेत कसलेला मल्ल प्रतिस्पर्ध्याचा डाव त्याच्या पवित्र्यावरून ओळखतो, तशातलाच हा प्रकार.

आता तिसऱ्या गोलरक्षकाकडे वळू. ह्या लेखाचा खरा नायक तोच. ब्रह्मानंद शंखवाळकर ह्यांचा जन्म ६ मार्च १९५४चा, गोव्यातील ताळगावचा. गोवा त्या वेळी पोर्तुगीजांच्या अमलाखाली होता. आम्ही निजामाच्या राज्यातून १७ सप्टेंबर १९४८ रोजी मोकळे झालो. गोमंतकीयांना त्यानंतर आणखी तेरा वर्षे वाट पाहावी लागली. १९ डिसेंबर १९६१ रोजी गोवा मुक्त झाला, तेव्हा ब्रह्मानंद सात वर्षांचे होते. म्हणजे जन्म परसत्तेत आणि जाण आली ती स्वतंत्र भारतात. मराठवाड्यातल्या एका सबंध पिढीला हा अनुभव सांगावा लागत नाही.

गोव्यात फुटबॉल आणला तो पोर्तुगीजांनी नव्हे, तर फादर विल्यम रॉबर्ट लायन्स नावाच्या एका धर्मगुरूने, १८८३ साली शिवोली येथे, असे मानले जाते. भातकापणी झाली, की गोव्यात रिकाम्या शेतांची मैदाने होतात आणि गावोगाव सामने लागतात. आमच्याकडे सुगी संपली की कुस्त्यांचे फड लागतात, तसेच हे. पोटापाण्यासाठी मुंबईला गेलेले गोमंतकीय धोबी तलावाकडील आपापल्या गावांच्या कुडांत राहत, आणि खेळाची आवड तेथेही बरोबर नेत. पुढे १९५६ साली, म्हणजे पुन्हा त्याच वर्षी, वास्कोचे खाणमालक वासुदेव महादेव साळगावकर ह्यांनी आपला फुटबॉल क्लब स्थापन केला. १९५९ साली गोवा फुटबॉल संघटना उभी राहिली. ब्रह्मानंद ह्या सगळ्या बीजांचे पीक.

पणवेल क्लबाकडून त्यांनी खेळास प्रारंभ केला आणि १९७४च्या सुमारास ते साळगावकर संघात गेले. तेथे ते सतरा वर्षे राहिले. ह्या सतरा वर्षांचे मोल आज चटकन ध्यानात येणार नाही. त्या काळी भारतीय फुटबॉलची पंढरी होती कलकत्ता. मोहन बागान, ईस्ट बंगाल, मोहमेडन स्पोर्टिंग ह्या तीन क्लबांत खेळल्याशिवाय खेळाडूचे नाव होत नसे. पैसा तेथे, वर्तमानपत्रे तेथे, लाखाने मोजावे असे प्रेक्षकही तेथेच. थंगराजसुद्धा लष्कर सोडल्यावर कलकत्त्यालाच गेले होते. ब्रह्मानंद गोव्यातच राहिले. आपल्या मुलखात राहूनही देशाच्या संघाचा दरवाजा उघडता येतो, हे त्यांनी दाखवून दिले. १९७०च्या दशकाच्या उत्तरार्धात ते भारतीय संघात आले, आणि १९८३ ते १९८६ ह्या काळात त्यांनी भारताचे कर्णधारपदही भूषविले. गोलरक्षकाने कर्णधार असावे, ह्यात एक औचित्य आहे. सबंध मैदान समोर दिसते ते त्याला एकट्यालाच; बाकीच्यांची अर्धी लढाई पाठीमागे चाललेली असते.

गोव्याच्या वाट्याला संतोष चषक पहिल्याने आला तो १९८२-८३ साली, कलकत्त्यात. अंतिम सामन्यात बंगालशी बरोबरी झाली आणि दोघे संयुक्त विजेते ठरले. बंगालच्या घरात जाऊन, बंगालच्या प्रेक्षकांसमोर, बंगालला गोल करू द्यायचा नाही, ही साधी गोष्ट नव्हे. पुढच्या वर्षी मद्रासला गोव्याने पंजाबला एका गोलाने हरवले आणि चषक एकट्याच्या बळावर जिंकला. ह्या मद्रासच्या स्पर्धेतली नवलाची गोष्ट अशी, की संपूर्ण स्पर्धेत गोव्याने एकही गोल खाल्ला नाही. सामन्यामागून सामने झाले, नामांकित आघाडीवाले आले, आणि ब्रह्मानंदांच्या पाठीमागची जाळी काही हलली नाही.

ह्या शून्यासाठी आयुष्यभर काय द्यावे लागते? नव्वद मिनिटांत चेंडू त्याच्याकडे कदाचित सात-आठ वेळाच येतो. परंतु कधी येणार हे ठाऊक नसल्यामुळे लक्ष नव्वदही मिनिटे ठेवावे लागते. आघाडीच्या खेळाडूने पाच संधी दवडल्या आणि सहावी साधली, तर त्याला लोक खांद्यावर घेतात. गोलरक्षकाने पाच चेंडू अडवले आणि सहावा सुटला, तर घरी जाताना लोक त्या सहाव्याविषयीच बोलतात. घरातल्या थोरल्या बाईसारखे हे काम आहे. दिवाळीचा फराळ वेळेवर झाला, तेल-साखर पुरली, पाहुण्यांची उठबस झाली, तर ते कोणाच्या ध्यानातही येत नाही. एक घाणा जळला, की तो मात्र साऱ्या घराला आठवतो.

ब्रह्मानंदांच्या सन्मानाचा इतिहासही ह्याच धर्तीचा आहे. अर्जुन पुरस्कार १९६१ साली सुरू झाले, आणि पहिल्याच वर्षी फुटबॉलसाठीचा मान प्रदीपकुमार बॅनर्जी ह्यांना, म्हणजे आघाडीच्या खेळाडूला मिळाला. थंगराजांना तो १९६७ साली मिळाला. ब्रह्मानंदांना मिळाला १९९७ साली, देशाच्या संघातून निवृत्त होऊन अकरा वर्षे उलटल्यावर. गोव्याच्या फुटबॉलपटूला मिळालेला तो पहिला अर्जुन पुरस्कार. पद्मश्री मिळाली ती २०२२ साली, वयाच्या सदुसष्टाव्या वर्षी. मधल्या काळात ते स्वस्थ बसले नव्हते. गोवा फुटबॉल विकास परिषदेचे अध्यक्ष म्हणून गावोगावच्या मुलांच्या शिक्षणाकडे त्यांनी लक्ष पुरवले.

उशीर झाला, हे खरे. परंतु जगात ह्याहून दुर्दैवी गोलरक्षकही होऊन गेले. दक्षिण आफ्रिकेत वर्णद्वेषाचे राज्य होते, म्हणून जागतिक फुटबॉल संघटनेने त्या देशाला १९६१ साली दूर ठेवले आणि १९७६ साली बडतर्फच केले. १९९२पर्यंत त्या देशाला आंतरराष्ट्रीय मैदान बंद होते. त्या तीस वर्षांत तेथे जे गोलरक्षक जन्मले, वाढले आणि म्हातारे झाले, त्यांना आपल्या देशासाठी एक चेंडू अडवण्याची संधीही लाभली नाही. मग १९९६ साली, पुनरागमनानंतर चारच वर्षांनी, जोहान्सबर्गला आफ्रिका चषकाच्या अंतिम सामन्यात ट्युनिशियाला दोन-शून्य असे हरवण्यात आले, तेव्हा गोलात उभा होता केपटाउनचा आंद्रे आरेन्से. आणि २०२४ साली त्याच स्पर्धेत केप व्हर्देविरुद्ध पेनल्टींवर निकाल लागायची वेळ आली, तेव्हा रॉनवेन विल्यम्सने एक नव्हे, दोन नव्हे, चार पेनल्टी अडवल्या. त्या रात्री मात्र सगळा देश गोलरक्षकाचे नाव घेत होता.

असा दिवस गोलरक्षकाच्या नशिबी क्वचितच येतो. एरवी विजयाच्या बातमीत गोल करणाऱ्यांची नावे छापली जातात आणि पराभवाच्या बातमीत गोलरक्षकाचे. नांदेडच्या किंवा लातूरच्या एखाद्या शाळेच्या मैदानावर दोन दप्तरे ठेवून पोरे चेंडू खेळतात, तेव्हा गोलात उभे केले जाते ते बहुधा सर्वांत लहान पोर, किंवा ज्याला दुसरीकडे कोणी घेत नाही ते. त्या पोराला कोणी एकदा सांगायला हवे, की बाबा रे, सिकंदराबादच्या एका गोल करणाऱ्याने ही जागा पुढे पत्करली होती, आणि ताळगावच्या एकाने ह्याच जागेवर उभे राहून देशाचे नेतृत्व केले होते.