मेलेल्यांना पुरलं कुणी?

आमच्या भागात बस्तीच्या आवारात निषिधीचे दगड दिसतात आणि गावच्या वेशीवर वीरगळ. एक सल्लेखनेनं गेलेल्याची खूण, दुसरी लढून पडलेल्याची. दगड कुणी घडवला, कुणासाठी घडवला, हे कधीकधी लिहिलेलं असतं. पण त्या देहाचं शेवटचं कोणी केलं, ते कुठं लिहिलेलं असतं?

अमेरिकेच्या यादवी युद्धाबद्दल (१८६१ ते १८६५) वाचताना हाच प्रश्न डोक्यात राहिला. सहा लाखांवर शिपाई मेले, एकाच देशाचे. १ ते ३ जुलै १८६३ या तीन दिवसांत पेनसिल्व्हेनियातल्या गेटिसबर्ग गावाभोवती इतकी प्रेतं पडली की गावाला काही सुचेना. तिथल्या एव्हरग्रीन कबरस्तानाचा राखणदार पीटर थॉर्न स्वतःच फौजेत गेलेला. मागं बायको एलिझाबेथ, तीन मुलं आणि तिचे म्हातारे आईवडील. सहा महिन्यांची गरोदर होती बाई. परतली तर घराच्या काचा फुटलेल्या, सामान गेलेलं. तरी तिनं वडलांना घेऊन जुलैच्या उन्हात, त्या दुर्गंधीत, शंभराच्या आसपास शिपायांना मूठमाती दिली. जास्तीचा पैसा कुणी दिला नाही. त्याच वर्षी पुढं तिला मुलगी झाली.

मग शेजारीच सरकारी इतमामाचं राष्ट्रीय कबरस्तान झालं. १९ नोव्हेंबर १८६३ ला लिंकननं तिथं केलेलं भाषण शाळेतली मुलंसुद्धा पाठ करतात. ज्यांनी प्रेतं उकरली ते मात्र भाषणात नाहीत. एका प्रेतामागं १ डॉलर ५९ सेंट असा ठेका होता, आणि प्रत्यक्ष राबले ते बेसिल बिग्ज आणि त्यांचे कृष्णवर्णीय सोबती. तिथं फक्त उत्तरेच्या शिपायांनाच जागा, दक्षिणेचे ‘बंडखोर’ शेतातल्या खड्ड्यांतच राहिले. कपडे, बटणं बघून निवडलं म्हणे! तरी काही मिसळलेच, हे पुढं कळलं. मातीत गेल्यावर कोण कुठला, हे बटणानं ठरवायचं, याला काय म्हणावं?

युद्धानंतर सरकारनं उत्तरेचे सुमारे तीन लाख देह शोधून नीट पुरले. दक्षिणेचं काम मग बायकांनी अंगावर घेतलं. हरलेल्या पुरुषांनी जमून मिरवणूक काढली तर राजद्रोह दिसला असता, रडणाऱ्या आईला कोण अडवणार? रिचमंडच्या बायकांनी हॉलीवूड कबरस्तानासाठी बाजार भरवून पैसे गोळा केले, १८६९ साली ९० फुटी ग्रॅनाइटचा पिरॅमिड उभा केला. १८७२-७३ मध्ये गेटिसबर्गहून जवळजवळ तीन हजार देह पेट्यांत घालून आणवले. ते पाठवणाऱ्या डॉ. रुफस वीव्हरचे पैसे मात्र पुरते चुकते झाले नाहीत, हेही लिहून ठेवलं पाहिजे.

आतापर्यंत मला या बायकांबद्दल जीव तुटतो. पण पुढं काय झालं? शोकाचं हळूहळू गौरवात रूपांतर झालं. १८९४ साली निघालेल्या ‘कन्फेडरसीच्या कन्या’ या संघटनेनं कचेऱ्यांपुढं पुतळे उभारले, शाळेच्या पुस्तकांत लढाई गुलामगिरीसाठी नव्हतीच असं बिंबवायची खटपट केली. पोरगं गमावल्याचं दुःख खरं. ते कशासाठी लढलं, ते झाकायचं कशाला? भाद्रपदात आपण ‘उत्तम क्षमा’ म्हणतो, तेव्हा झालेली हिंसा आधी कबूल करावी लागते की नाही?

आणि ज्यांच्यासाठी हे सगळं घडलं त्यांनीही मेलेल्यांची सेवा केलीच. १ मे १८६५ ला चार्ल्सटनमध्ये नुकत्याच मुक्त झालेल्या लोकांनी घोड्यांच्या शर्यतीच्या मैदानावर, जिथं कैदेत मेलेले उत्तरेचे २५७ शिपाई होते, नव्यानं नीट पुरलेल्या कबरींवर फुलं वाहिली. हजारो लोक आले, पुढं शाळेची पोरं होती. हे पुढं कित्येक वर्षं पुसलंच गेलं.

रिचमंडमधला सेनापती लीचा भला मोठा पुतळा सप्टेंबर २०२१ मध्ये क्रेननं उतरवला. हॉलीवूडमधल्या कबरींना कुणी हात लावला नाही.