एका 'मा'चे अनेक अर्थ

ओठ मिटून नाकातून हुंकार काढावा आणि लगेच तोंड उघडावे, की 'मा' हे अक्षर तयार होते. उच्चारायला इतके सोपे अक्षर जगातील बहुतेक भाषांत आढळावे, यात नवल नाही. नवल आहे ते त्याच्या अर्थांचे. आशिया खंडाच्या एका टोकापासून दुसऱ्या टोकापर्यंत हे अक्षर ऐकत गेल्यास त्याचा अर्थ कोठे आई, कोठे घोडा, कोठे आंबा, कोठे भूत, कोठे पाणी, तर कोठे 'आम्ही' असा होतो. काही भाषांत ते प्रश्न विचारते, काहींत नकार देते.

अशा नादसाम्याचा मोह मोठा असतो. दोन दूरच्या भाषांत एकसारखा शब्द सापडला, की एक भाषा दुसरीपासून निघाली असा निष्कर्ष काढण्याची घाई होते. 'अमुक भाषा सर्व भाषांची जननी' यासारखे दावे बहुधा अशाच याद्यांवर उभे असतात. हे दावे कसे तपासावेत, याचा उत्तम धडा 'मा' या एका अक्षरातून मिळतो.

सुरावर तोललेला अर्थ

चिनी, थाई, व्हिएतनामी या सूरप्रधान भाषा आहेत. अक्षर कोणत्या सुरात उच्चारले, यावर तेथे शब्दाचा अर्थ ठरतो. मराठीतही आवाजाच्या चढउताराने प्रश्न, आश्चर्य किंवा राग व्यक्त होतो. पण त्यामुळे 'घर' या शब्दाचा अर्थ 'झाड' असा होत नाही. सूरप्रधान भाषांत नेमके तेच घडते.

प्रमाण चिनी भाषेत चार सूर आहेत. उंच व सपाट सुरात म्हटलेला 'मा' म्हणजे आई. चढत्या सुरातला 'मा' म्हणजे वाख देणारे भांगवर्गीय झाड. याच शब्दाचा दुसरा अर्थ बधिर होणे किंवा झिणझिण्या येणे असा आहे. खाली जाऊन पुन्हा वर येणाऱ्या सुरातला 'मा' म्हणजे घोडा आणि झटकन उतरणाऱ्या सुरातला 'मा' म्हणजे शिव्या देणे, रागे भरणे. यांखेरीज वाक्याच्या शेवटी सूर न लावता येणारा 'मा' हा मराठीतील 'का'सारखा प्रश्नदर्शक शब्द आहे.

थाई भाषेत सम सुरातील 'मा' म्हणजे येणे, उंच सुरातील घोडा आणि चढत्या सुरातील कुत्रा. व्हिएतनामीत सहा सूर असल्याने 'मा'चे अर्थही सहा गटांत विभागले जातात: भूत, दक्षिण व्हिएतनाममध्ये आई (याच सुरात गालालाही 'मा' म्हणतात), 'परंतु', थडगे, घोडा, आणि भाताची लावणीपूर्वीची रोपे, म्हणजेच कोकणातला तरवा. हे सर्व शब्द देवनागरीत लिहिले तर 'मा' एवढेच उरते. मूळ भाषकाच्या कानाला मात्र ते मराठीतील 'माळ', 'माल' आणि 'मार' यांच्याइतके वेगळे असतात.

लिप्यांनी काढलेले मार्ग

एकसारखे भासणारे हे शब्द कागदावर वेगळे कसे ठेवायचे, याचे उत्तर प्रत्येक भाषेने आपल्या परीने शोधले. चिनी लिपीत घोड्यासाठी एक चिन्ह आहे. त्याच्या डाव्या बाजूस 'स्त्री' हे चिन्ह जोडले की 'आई', 'तोंड' जोडले की प्रश्नदर्शक 'मा', आणि घोड्यावर दोन तोंडे मांडली की 'शिव्या देणे' असा शब्द होतो. येथे आईचा घोड्याशी संबंध नाही. घोड्याचे चिन्ह फक्त 'उच्चार मा-सारखा' इतकेच सांगते. अर्थाची दिशा दुसरे चिन्ह दाखवते. चिनी लिपीतील बहुसंख्य अक्षरे याच पद्धतीने बनलेली आहेत.

थाई लिपीचे मूळ ख्मेर लिपीमार्गे दक्षिण भारतीय लिपीत असून तिची वर्णमाला आजही कवर्ग, चवर्ग अशा परिचित क्रमाने म्हटली जाते. त्या लिपीत कुत्रा हा शब्द 'ह' आणि 'मा' असा लिहितात, पण 'ह' उच्चारत नाहीत. हा मूक 'ह' जुन्या उच्चाराचा अवशेष आहे. त्या शब्दाच्या आरंभी पूर्वी खरोखरच हकारयुक्त 'म' होता. तो उच्चार लोपला, मात्र त्याची खूण सुराच्या रूपाने मागे राहिली.

व्हिएतनामी भाषेची आजची लिपी रोमन आहे. सतराव्या शतकात पोर्तुगीज व अन्य जेझुइट धर्मप्रसारकांनी ती घडवली. फ्रेंच जेझुइट अलेक्झांडर द ऱ्होड याने संपादलेला व्हिएतनामी-पोर्तुगीज-लॅटिन शब्दकोश १६५१ मध्ये रोम येथे छापला गेला. पूर्वेकडे जाताना हा ऱ्होड १६१९ पासून काही काळ गोव्यात राहिला होता. त्याच्या आगमनापूर्वी तीनच वर्षे, १६१६ मध्ये, फादर स्टीफन्स यांचे मराठी 'क्रिस्तपुराण' गोव्यात रोमन लिपीत छापले गेले होते. मराठीसाठी रोमन अक्षरे कशीबशी पुरली. व्हिएतनामीसाठी मात्र स्वरांच्या वर-खाली सुरांच्या खुणा देणे अपरिहार्य ठरले.

तारायंत्राच्या काळात या खुणा पाठवता येत नसत. तेव्हा शब्दाच्या शेवटी एस, एफ, आर, एक्स, जे यांपैकी एक रोमन अक्षर जोडून सूर सांगण्याची युक्ती निघाली. 'टेलेक्स' या नावाने तीच पद्धत आज संगणकावर व्हिएतनामी लिहिण्यासाठी वापरली जाते.

खुणा गळाल्या की काय होते, हे पारपत्रावर दिसते. त्याच्या तळाशी यंत्राने वाचण्यासाठी छापलेल्या ओळींत केवळ २६ रोमन अक्षरे, अंक आणि एक भरणचिन्ह यांना स्थान असते. चीनमध्ये 'घोडा' या चिन्हाने लिहिले जाणारे 'मा' हे प्रचलित आडनाव आहे. पंधराव्या शतकात कोळिकोडपर्यंत आलेला दर्यावर्दी चंग ह याचे मूळ आडनावही हेच. वाख देणाऱ्या झाडाच्या चिन्हाने लिहिले जाणारे 'मा' हे वेगळे आडनाव आहे. यंत्रासाठीच्या ओळीत ही दोन्ही घराणी एक होतात.

संस्कृत, तमिळ, फारसी, अरबी

संस्कृतातील 'मा' कमी बहुरूपी नाही. 'मा' हा मोजणे या अर्थाचा धातू आहे; मान, मात्रा, परिमाण, प्रमाण, निर्माण हे शब्द त्याचेच. भांड्यात वस्तू 'मावते' तेव्हा मराठी माणूसही नकळत हाच धातू वापरत असतो. 'मा' म्हणजे 'मला' असेही एक सर्वनामरूप आहे. अमरकोशात लक्ष्मीच्या नावांत 'मा' आहे. म्हणून 'माधव' या नावाची फोड 'मा म्हणजे लक्ष्मी, तिचा धव म्हणजे पती' अशी केली जाते. शिवाय 'मा' हा निषेधाचा शब्द आहे: 'मा गमः' म्हणजे जाऊ नकोस. या रचनेचा नियम पाणिनीने सांगितला आहे.

बंगालीत 'मा' म्हणजे आई. पण मुलीला किंवा सुनेलाही मायेने 'मा' अशी हाक मारतात. तमिळमध्ये 'मा' म्हणजे आंबा, थोर, पशू (विशेषतः घोडा) आणि पीठ. एक विसांश या अपूर्णांकाचे नावही 'मा'च. 'मा' म्हणजे आंबा आणि 'काय्' म्हणजे कच्चे फळ, यांतून 'मांकाय्' हा शब्द झाला. तमिळ-मल्याळममधील या शब्दापासून पोर्तुगीजांनी 'मांगा' उचलला आणि तोच इंग्रजीत 'मँगो' झाला. मराठी 'आंबा' मात्र संस्कृत 'आम्र'पासून आला आहे.

फारसीत 'मा' म्हणजे आम्ही. अरबीत 'मा' म्हणजे काय, जे, आणि 'नाही'सुद्धा. 'माशाअल्लाह' या परिचित उद्गारातील पहिला शब्द हाच असून, 'अल्लाने जे इच्छिले ते' असा त्याचा अर्थ आहे. अरबीत पाण्यालाही 'मा' म्हणतात, परंतु त्याच्या शेवटी कंठातून श्वास अडवून केलेला एक उच्चार असतो. देवनागरीत तो हरवतो.

नकाराचे अनेक 'मा'

नात्याची कसोटी कशी घ्यायची, हे नकारार्थी 'मा'वरून चांगले कळते. संस्कृत, अरबी, तिबेटी, ब्रह्मी आणि कोरियन या पाच भाषांत 'मा' नकार किंवा निषेध दाखवतो. या सर्वांचे मूळ एक मानण्याचा मोह येथे अनावर होतो.

वास्तविक येथे निरनिराळी घराणी आहेत. संस्कृत 'मा'चे सख्खे भावंड प्राचीन इराणच्या दारियस सम्राटाच्या शिलालेखांत निषेधार्थी 'मा' म्हणून, तर ग्रीकमध्ये 'मे' म्हणून भेटते. हे नाते केवळ एका शब्दावर ठरलेले नाही. विल्यम जोन्स यांनी १७८६ मध्ये कलकत्त्याच्या एशियाटिक सोसायटीपुढे संस्कृत, ग्रीक व लॅटिन यांच्या समान उगमाची कल्पना मांडली. पुढील शतकात शेकडो शब्द व व्याकरणरूपे यांच्यातील नियमित ध्वनिपरिवर्तन दाखवून ती सिद्ध झाली.

तिबेटी व ब्रह्मी नकार परस्परांचे नातलग आहेत. पण ते चिनी-तिबेटी कुळातले. जुन्या चिनीतील एक नकारही याच कुळातला. आज त्याचा उच्चार 'वू' होतो. मात्र बौद्ध भाषांतरकारांनी संस्कृत 'नमः'चे लिप्यंतर करताना दुसऱ्या अक्षरासाठी तेच चिन्ह योजले, यावरून त्या काळी त्याच्या आरंभी 'म' होता हे उघड होते. अरबी 'मा' सेमिटिक कुळातला. कोरियनमध्ये 'काजी मा' म्हणजे जाऊ नकोस. हा तर संस्कृत 'मा गमः'चा जुळा भाऊ वाटावा. परंतु त्याचे मूळ क्रियापद 'माल्दा' असून त्यातील 'ल' गळून 'मा' उरला आहे. जुने रूप पाहताच जुळेपण संपते.

असाच एक योगायोग मराठी मुलखात ऐकू येतो. मालवणीत 'येतलस मां?' म्हणजे 'येशील ना?'. चिनी प्रश्नवाक्याच्या शेवटीही 'मा' येतो. म्हणून कोणी मालवणचे नाते चीनशी जोडल्यास ते हास्यास्पद ठरेल.

जेथे नाते खरे आहे

काही ठिकाणी मात्र नाते खरे असते आणि ते वरवर दिसत नाही. गौतमाला बोधीपासून ढळवू पाहणारा बौद्ध कथांतील 'मार' चीनमध्ये गेला, तेव्हा त्याच्या नावासाठी एक नवे चिन्ह घडवण्यात आले. वाख देणाऱ्या झाडाचे चिन्ह उच्चारासाठी आणि खाली भुताचे चिन्ह अर्थासाठी. हे चिन्ह जपानमध्ये 'मा' या उच्चाराने रूढ झाले. 'आकुमा' म्हणजे सैतान. व्हिएतनामी भाषेतील 'मा' म्हणजे भूत, हाही याच शब्दाचा वंशज मानला जातो. जपानीत 'जामा' हा मूळचा दुष्ट विघ्नकर्त्या माराचा शब्द पुढे 'अडथळा', 'व्यत्यय' या अर्थी वापरला जाऊ लागला. आजही जपानी माणूस दुसऱ्याच्या घरात पाऊल टाकताना 'ओजामा शिमासु', म्हणजे 'आपल्याला व्यत्यय आणतो आहे' असे नम्रपणे म्हणतो. संस्कृत 'मार' असा रोजच्या शिष्टाचारात जाऊन बसला आहे.

जपानीतील दुसरा 'मा' सर्वस्वी वेगळा आहे. दोन गोष्टींमधील अंतर, मग ते जागेचे असो वा काळाचे, असा त्याचा अर्थ. संगीतातील विराम, संवादातील स्तब्धता, खोलीतील मोकळी जागा या सर्वांना 'मा' म्हणतात. ज्याचा 'मा' सुटला तो 'मानुके' म्हणजे मूर्ख. वास्तुरचनाकार आराता इसोझाकी यांनी १९७८ मध्ये पॅरिस येथे या संकल्पनेवर प्रदर्शन भरवले. त्यानंतर हा शब्द पाश्चात्त्य कलाचर्चेतही रुळला.

आईचा शब्द

उरतो तो आईचा 'मा'. चिनी, हिंदी, बंगाली, तिबेटी, व्हिएतनामी अशा भिन्न कुळांतील भाषांत आईच्या नावात 'म' असणे निव्वळ योगायोग नव्हे; पण तो समान वंशाचा पुरावाही नव्हे. मानववंशशास्त्रज्ञ जॉर्ज मर्डॉक यांनी जगभरातून आई व वडील यांच्यासाठीचे १०७२ शब्द गोळा केले. त्यांच्या आधारे भाषाशास्त्रज्ञ रोमन याकोब्सन यांनी १९६० च्या सुमारास पुढील उपपत्ती मांडली. स्तनपान करताना मुलाचे ओठ बंद असतात, त्यामुळे हुंकार नाकातूनच निघतो. पुढे भूक लागली की मूल तोच आवाज काढते. आणि जवळ असलेली माता तो आपल्यासाठीच आहे असे समजते.

मराठी घरात बाळाच्या जेवणाला 'मंमं' म्हणतात आणि जपानी घरात 'मान्मा', याचे कारण हेच. शब्द मुलाच्या ओठांतून येतो. त्याचा अर्थ मोठी माणसे ठरवतात. म्हणूनच 'मामा' म्हणजे मराठीत आईचा भाऊ, चिनीत आई आणि कॉकेशसमधील जॉर्जियन भाषेत चक्क वडील. जॉर्जियनमध्ये आईला 'देदा' म्हणतात.

एकूण एकसारख्या शब्दांमागे तीन कारणे असू शकतात: योगायोग, शब्दांची उसनवारी आणि समान वंश. आई-वडिलांसारख्या बालभाषेतील शब्दांना चौथे कारण असते, मानवी मुखाची रचना. शब्द जितका लहान तितका योगायोग सोपा. म्हणून एकाक्षरी शब्दाची साक्ष सर्वांत दुबळी. जुनी रूपे पाहिली का, ध्वनिबदल इतर शब्दांतही तसाच घडला आहे का, शब्द प्रवासाला निघाला असल्यास त्याची वाट दाखवता येते का, हे प्रश्न विचारल्याखेरीज भाषांचे नाते जुळवू नये. या कसोटीवर तमिळ 'मांकाय्' आणि इंग्रजी 'मँगो' यांचे, तसेच संस्कृत 'मार' आणि जपानी 'जामा' यांचे नाते टिकते. कोरियन निषेध आणि संस्कृत निषेध मात्र कितीही सारखे ऐकू आले तरी परकेच राहतात.